डावीकडून तिसरा मोगल

तात्या पहिल्यांदा मेले तेव्हा एकवीस वर्षांचे होते. त्यानंतर ते इतक्यांदा मेले, की घरच्यांनी हिशेब ठेवायचं सोडून दिलं. ते स्वतः मात्र ठेवतात. दिवाळीत फुकट मिळणारी छोटी डायरी त्यांच्या बंडीच्या खिशात असते आणि तिच्यात दूध, ऊस आणि मरण एकाखाली एक लिहिलेलं असतं. 'मंगळवार. दूध ६ लिटर. भाला, पोटात. ७०० येणे.' त्याच्याखाली, 'बुधवार. दूध साडेपाच. कड्यावरनं ढकलला. गादी पातळ होती.'

कराड सोडून कोल्हापूरकडं निघालं, की सातारा जिल्हा कुठं संपतो आणि सांगली कुठं सुरू होते हे तलाठ्याशिवाय कुणाला सांगता येत नाही. त्या पट्ट्यात तात्यांचं गाव. पण एकट्या तात्यांचं काय घेऊन बसायचं, असा माणूस आमच्याकडं चार-पाच गावांआड एक असतोच. कानाशी डिंकाचे डाग, मोबाईलवर चिलखतातला फोटो आणि बोलण्यात सदानकदा 'आमचं युनिट'. त्याला नाव विचारू नये. कितव्या लढाईत, कशानं मेला ते विचारावं, म्हणजे दोन तासांची निश्चिंती.

तसं पाहिलं तर कॅमेऱ्याचं अप्रूप आमच्याकडं कुणालाच उरलेलं नाही. 'स्वदेस'मधलं गाव म्हणजे वाईजवळची मेणवली, हे आता शेंबडं पोरसुद्धा सांगतं. कृष्णेचा घाट दिसला, की मुंबईच्या माणसाला तिथं काहीतरी शूट करावंसं वाटतंच. त्यामुळं कुणी बाजाराच्या सीनमध्ये भाजी विकून आलेला असतो, कुणी हिरोच्या वरातीत नाचून. तात्या या लोकांना कलावंत मानत नाहीत. "भाजी काय कुनीबी इकतंय," ते म्हणतात. "मरून दाखव म्हनावं."

ते फक्त ऐतिहासिकला जातात आणि फक्त मरायला जातात.

पहाटे साडेचारला कराडच्या कोल्हापूर नाक्यावरून टेम्पो सुटतो. सिनेमावाल्यांच्या भाषेत टेम्पोतल्या या मालाला 'मॉब' म्हणतात. सेटवर उतरलं, की दोन ढीग असतात. एक मावळ्यांचा: बाराबंदी, चोळणा, मुंडासं, कमरेला शेला. दुसरा मोगलांचा: झगा, शिरस्त्राण, पुठ्ठ्याचं चिलखत आणि पिशवीभर दाढ्या. ड्रेसदादा माणसाकडं एकदा बघतो आणि त्याचा इतिहास ठरवून टाकतो. तात्या सहा फूट, रंगानं उजळ, डोळे घारे. ड्रेसदादानं चाळीस वर्षांत मावळ्यांच्या ढिगाकडं बोट केलेलंच नाही. म्हणजे ड्रेसदादा तीन बदलले, बोट तेच राहिलं.

हे दुःख साधं नाही. तात्या शहाण्णव कुळी. पूर्वज महाराजांच्या फौजेत होते, असं ते सांगतात. आमच्याकडं सगळेच सांगतात, आणि सगळ्यांचे पूर्वज मोजले तर त्या फौजेला शिधा पुरला नसता, हा भाग वेगळा. पण असला माणूस जन्मभर मोगल होऊन मावळ्यांच्या हातून मरतो आणि मिरजेहून येणारा एक बुटका, चपळ मुसलमान पोरगा दर सिनेमात भगवा घेऊन पहिला बुरुजावर चढतो! तो पोरगा तात्यांना मारण्याआधी दर वेळी कानात विचारतो, "तात्या, डाव्या अंगानं येऊ का उजव्या?" तात्या सांगतात, "डाव्या ये. उजवा गुडघा दुखतोय."

गावातल्या पोरांनी त्यांचं नाव 'सुभेदार' पाडलंय. एकदा ते फारच खट्टू होऊन ओसरीवर बसले होते, तेव्हा त्यांच्या बायकोनं, म्हणजे आमच्या काकींनी, भाकरी बडवता बडवता आतूनच निकाल दिला, "म्हाराजांच्या मानसांच्या हातनं मेलासा न्हवं? मग सोनं झालं की! उगं त्वांड पाडून बसू नगा, धार काढायची हाय."

यातली खरी गंमत पुढं आहे. तात्यांना तलवार येते. त्यांचे वडील तालमीत मर्दानी खेळ शिकवायचे. लाठी, बोथाटी, फरी-गदगा, दांडपट्टा. जमिनीवर ठेवलेलं लिंबू पट्ट्याच्या पात्यानं दोन फाका करणं तात्यांना विसाव्या वर्षी जमायचं आणि आजही शिवजयंतीला कुणी फार गळ घातली, तर कोपरापर्यंत पट्टा चढवून ते एक चक्कर मारतात. पुढच्या दोन ओळी आपोआप मागं सरतात. असा माणूस सेटवर उभा असतो आणि समोरून हिरो येतो. हिरोनं तलवार आयुष्यात पहिल्यांदा मागच्या महिन्यात धरलेली. ती तो कधी क्रिकेटच्या बॅटसारखी फिरवतो, कधी छत्रीसारखी झटकतो. पातं तात्यांपासून हातभर लांबून जातं. फाईटमास्टर ओरडतो, "तात्या!" आणि तात्या मरतात.

"ज्येला तलवार येती त्येनं मरायचं, ज्येला येत न्हाई त्येनं मारायचं," ते मला म्हणाले, "ह्येलाच शिनेमा म्हनत्यात, मास्तर."

हिरोंची त्यांनी मनाशी प्रतवारी लावलेली आहे. अभिनयाशी तिचा संबंध नाही. मारताना माणसाकडं बघतो तो चांगला. कॅमेऱ्याकडं बघतो तो मध्यम. मारून झाल्यावर "लागलं नाही ना?" असं विचारणारा त्यांना एकच भेटला. त्याचा सिनेमा पडला, याचं तात्यांना आजतागायत वाईट वाटतं.

तलवारीही बघायच्या. जवळून दिसणाऱ्या दोन-चार धातूच्या, बाकी साऱ्या फायबरच्या नाहीतर रंग दिलेल्या लाकडाच्या. एकीवर एक आपटली की 'फट्' असा आवाज होतो, चटई झटकल्यासारखा. आपण थिएटरात ऐकतो तो खणखणाट नंतर मुंबईत, बंद खोलीत चढवतात. तात्यांची शेवटची किंकाळीसुद्धा त्यांची नसते. खोलीत बसून कुणीतरी ती एकदा मारून ठेवलेली असते आणि तीच चाळीस मोगलांना पुरवून वापरतात. हे कळलं तेव्हा माझ्या ध्यानात आलं, की आमचे तात्या अजून मूकपटातच काम करतायत.

आणि एकदा हे ध्यानात आल्यावर त्यांचं घराणं शोधणं अवघड नव्हतं. मूळपुरुष सांगलीतच आहे. ५ नोव्हेंबर १८४३ ला विष्णुदास भाव्यांनी चिंतामणराव पटवर्धनांच्या आश्रयानं 'सीतास्वयंवर' केलं आणि मराठी नाटक उभं राहिलं. दरसाल त्या तारखेला आपण रंगभूमी दिन करतो, भाव्यांच्या फोटोला हार घालतो. हार घालताना सूत्रधार आठवतो, विदूषक आठवतो. राक्षसपार्टी कुणाला आठवत नाही. तोंडाला रंग फासून, राळेच्या भपकाऱ्यात, 'अलललल डुर्रर्र' अशी आरोळी ठोकत नंग्या तलवारी परजत जे येत आणि देवांच्या हातून रोज रात्री मरत, ते लोक. देवाला फक्त उभं राहायचं असे. घाम राक्षसाचा. पहाटे तोंड धुऊन हाच राक्षस कुणाच्या तरी ओट्यावर भाकरी खात बसत असेल, आणि जाणारी-येणारी पोरं त्यालाही काहीतरी नाव ठेवत असतील.

पुढं पडदा आला तो मुका आला. कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि १९२३ साली 'सिंहगड' केला, हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीवरून. शेलारमामा झाले होते व्ही. शांताराम. चित्रपट मुका, म्हणजे राक्षसाची आरोळी गेली, उरलं ते अंग. मारणाऱ्याचं त्यात काही बिघडत नाही, त्याच्यासाठी पडद्यावर पाटी येते. मरणाऱ्यासाठी कुणी पाटी लिहीत नाही. त्यानं खांद्यानं, गुडघ्यानं, बोटांनी ओरडायचं. १९३० मध्ये प्रभातनं 'उदयकाल' काढला. त्याचं आधीचं नाव 'स्वराज्याचं तोरण'. इंग्रज सेन्सॉरला 'स्वराज्य' हा शब्द पडद्यावर नको होता, तेव्हा नाव बदललं. शिवाजी महाराज झाले शांतारामच. नाव बदललं तरी किल्ला तोच पडला आणि बुरुजावरून तितकेच लोक पडले. त्यांची नावं आधीही नव्हती.

ही सगळी वंशावळ मी तात्यांना सांगितली. त्यांनी ऐकून घेतली आणि विचारलं, "भत्ता किती हुता?"

जपानचं प्रकरण त्यांच्या नातवामुळं सुरू झालं. तो पुण्यात कॉलेजला आहे. सुट्टीत आला आणि त्यानं मोबाईलवर एक जुना जपानी मूकपट लावला, १९२५ चा 'ओरोची'. बांदो त्सुमासाबुरो नावाचा नट, आणि गोष्ट एका सरळ मनाच्या सामुराईची, ज्याला जो तो चुकीचाच समजतो. योगायोग बघा, त्या मूकपटाचंही मूळ नाव तिकडच्या सेन्सॉरनं बदलायला लावलं होतं. शेवटी चहूबाजूंनी माणसं तलवारी आणि दोर घेऊन त्या एकट्याला घेरतात आणि जी लढाई सुरू होते ती संपता संपत नाही.

मला वाटलं तात्या हिरोची तलवार बघतील. त्यांनी हिरोकडं ढुंकूनसुद्धा पाहिलं नाही. चष्मा कपाळावर चढवून, मोबाईल नाकाला लावून ते मरणाऱ्यांकडं बघत होते. "ह्यो कच्चा हाय. घाव बसायच्या आदी पडला... ह्यो बरा... आरं, थांबीव! मागं घे!" नातवानं मागं घेतलं. "बघ, ह्यो कोपऱ्यातला. ह्यो मगाशी मेलाय!" आम्ही पुन्हा पाहिलं. आम्हाला काही कळेना. सगळ्यांचे केस सारखे, कपडे सारखे. "पायावरनं वळीकतो मी," तात्या म्हणाले. "मेला, मागनं फिरून आला आनि पुन्ना मेला. मानसं कमी पडली असत्याल. आमच्यातबी करत्यात. नुस्तं टोपडं बदलायचं." मग बराच वेळ गप्प बसून ते म्हणाले, "शंभर वर्सांपूर्वीचा गडी. चांगला मरत हुता." एवढ्या आदरानं त्यांनी दुसऱ्या कुणाबद्दल बोललेलं मी ऐकलेलं नाही.

मग नातवाला चेव आला. त्यानं ओनोए मात्सुनोसुके दाखवला, तिकडचा तलवारवाला पहिला मोठा नट. काबुकी नाटकातून आलेला. मोठे डोळे गरागरा फिरवायचा म्हणून लोक त्याला लाडानं 'डोळेवाला मात्सु' म्हणायचे. १९२६ मध्ये वारला तोवर त्याची कामं हजाराच्या घरात गेली होती. तात्या म्हणाले, "नाटकवाला दिसतोय. येका जागी हुबा ऱ्हाऊन मारतोय. म्हंजे मरनाऱ्यानंच पळायचं." निदान अचूक होतं. सुरुवातीच्या त्या पटांत कॅमेरा समोर ठोकलेला आणि लढाई रंगमंचावरच्यासारखी थाटात चालायची, हे पुस्तकात वाचायला मला दोन दिवस लागले होते.

पण तात्यांना खरा देव भेटला तो नंतरच्या काळातला. सेइझो फुकुमोतो. पंधराव्या वर्षी क्योतोच्या तोएई स्टुडिओत लागला आणि जन्मभर तलवारीनं मेला. तिकडं या कामाला वेगळा शब्दच आहे, 'किरारेयाकु', म्हणजे कापला जाणारा. पन्नास हजार वेळा मेलेला माणूस अशी त्याची ख्याती. सत्तरीत पोचल्यावर त्याला पहिल्यांदा हिरोचं काम मिळालं, तेही म्हाताऱ्या मरणाऱ्याचंच, आणि २०२१ साली तो खरोखर गेला.

"पन्नास हज्जार?" तात्यांनी डायरी काढली, आपला आकडा पाहिला आणि परत खिशात घातली. "त्येला शेती नसंल."

या फुकुमोतोची एक खास तऱ्हा होती. घाव बसला, की तो पुढं कोसळायचा नाही. पाठीची कमान करून उलटा वाकायचा, कोळंबीसारखा. तिकडं त्या वाकण्याला कोळंबीचंच नाव आहे. आमच्याकडं कोळंबी म्हणजे काय ते आधी काकींना समजावून सांगावं लागलं. तात्यांना मात्र मुद्दा क्षणात कळला. "मानूस पाटमोरा मेला तर त्येचं त्वांड कुनाला दिसत न्हाई. उलटा वाकला की त्वांड कॅमेऱ्याकडं! डोस्कं हाय गड्याला." चाळीस वर्षं ज्यांची पाठ, कोपर आणि एकदा नुसती टाच पडद्यावर आली, त्या माणसाला हा शोध केवढा वाटला असेल!

दुसऱ्या दिवशी सकाळी गोठ्यामागं, कडब्याच्या गंजीवर, त्यांनी सराव केला. तिसऱ्या वाकण्याला कमान झाली आणि परत सरळ होईना. आम्ही चौघांनी त्यांना तसंच, कमानीसकट, उचलून घरात आणलं. सांगलीच्या हळदीचा लेप पाच दिवस. काकी लेप लावताना म्हणत होत्या, "मेलासा तवा बरं हुतासा."

सिनेमा लागला, की तात्या सगळ्या घरादाराला घेऊन पहिल्या दिवशी जातात. त्यांच्या शेजारची खुर्ची मिळणं ही मेजवानी आहे. जपानात मूकपटाच्या शेजारी उभा राहून गोष्ट सांगणारा एक माणूस असे, बेन्शी. लोक नटापेक्षा बेन्शीचं नाव बघून तिकीट काढत. आमच्या थिएटरात ते काम तात्या स्वतःहून आणि मोठ्या आवाजात करतात. "आता धूळ उडंल... ह्ये आमी समदी येतोय... मी मागं हाय, अजून दिसत न्हाई... घोडं आलं... त्या घोड्याच्या पायाशी बगा... आलो!... मेलो." पुढच्या रांगेतले लोक टाळ्या वाजवतात. मेल्यावर तात्या उठतात आणि बाहेर जाऊन भडंग खात बसतात. एकाही ऐतिहासिक सिनेमाचा शेवट त्यांनी पाहिलेला नाही. महाराजांचा राज्याभिषेक होतो, हे ते ऐकून आहेत.

२०२४ च्या जुलैमध्ये लंडनच्या संग्रहालयातली वाघनखं साताऱ्याला आली, शिवाजी संग्रहालयात. ती खरी कुठली, यावर पारावर आठवडाभर मारामारी झाली. तात्यांनी भाग घेतला नाही. ते एसटीनं गेले, रांगेत उभे राहिले, काचेजवळ पोचल्यावर इतका वेळ वाकून बघत राहिले, की मागची माणसं कुरकुरायला लागली. परतताना गाडीत म्हणाले, "तलवार झाली, भाला झाला, बाण झाला, तोफ झाली, धोंडा झाला. ह्येनं तेवढं न्हाई मेलो." मी म्हटलं, ते मरण अफजलखानाचं, तिथं मोठा नट लागतो. "व्हय," ते म्हणाले, "त्यो मरताना पाटी येती."

एकदाच, फक्त एकदा, ते मावळे झाले. निवडणुका होत्या. टेम्पोतले नेहमीचे मावळे प्रचाराला गेलेले, तिथं जेवणही होतं. मावळ्यांच्या ढिगाशी माणूस उरला नाही, तेव्हा ड्रेसदादाचं बोट प्रथमच फिरलं. बाराबंदी आखूड झाली, चोळणा पोटरीवर आला, पण तात्यांनी मुंडासं बांधलं आणि पाण्याच्या टँकरच्या आरशात स्वतःला इतका वेळ पाहिलं, की चहा गार झाला. काम एका ओळीचं होतं. किल्ला सर झालाय. शेवटचा एक मोगल अंगावर येतो, त्याचा वार ढालीवर घ्यायचा, त्याला उडवायचा आणि 'हर हर महादेव' म्हणत बुरुजावर उभं राहायचं. मोगल कोण, तर मिरजेचा तोच पोरगा. त्यानं सवयीनं कानात विचारलं, "तात्या, डाव्या अंगानं?"

"ॲक्शन" म्हटल्यावर पोरगा आला. तलवार तात्यांपासून हातभर लांबून गेली. आणि तात्या मेले.

सुरेख मेले. दोन्ही हात हवेत, पाठीची कमान, तोंड कॅमेऱ्याकडं, डोळे अर्धे मिटलेले. सेटवर चिटपाखरू हललं नाही. मग फाईटमास्टर डोक्याला हात लावून म्हणाला, "अहो तात्या, तुम्ही जिंकलाय!"

तात्या पडल्या पडल्या म्हणाले, "आदी सांगायचं की."

आणखी चार टेक झाले. चारही वेळा तलवार उठली की तात्यांचे गुडघे आपोआप वाकायला लागायचे. सहाव्या टेकला ते उभे राहिले, पण चेहरा असा, की किल्ला गेल्यासारखा. शेवटी मुंडासं त्या मिरजेच्या पोराच्या डोक्यावर गेलं आणि दाढी तात्यांच्या हनुवटीवर आली. मोगल होऊन तात्या आले, पोरानं वार केला, आणि एका टेकमध्ये शॉट ओके. डायरीत त्या दिवसाची नोंद अशी: 'गुरुवार. दूध ५. मावळा (सकाळी). तलवार, छातीत (दुपारी). पाठ सरळ झाली.'

तो सिनेमा दिवाळीनंतर लागतोय. बुरुजाची लढाई मध्यंतरानंतर लगेच आहे. हिरोकडं बघू नका, तो तसाही पोस्टरवर आहे. डावीकडून तिसरा, लाल दाढीचा, उलटा वाकतो तो. फार वेळ नाही दिसत, तेवढी पापणी मिटू नका.